बिनरक्ताची आतडी

"उद्या सकाळी आमच्या विहिरीवर दगडी फरशी बसवणार आहेत," लीला धैर्यवान म्हणाली, "आणि त्याच्या आत आई विहिरीत उडी टाकणार आहे. तिनं मला हे अगदी शांतपणे सांगितलंय."

तात्या कर्णिकांनी हातातला कप घाईनं बशीत ठेवला.

खाली दादरच्या रस्त्यावरून संयुक्त महाराष्ट्र समितीच्या प्रचाराची लॉरी कर्ण्यावर घोषणा देत चालली होती. गंगाधर रणदिव्यांनी उठून खिडकी ओढून घेतली. अर्धी हयात कस्टममध्ये मालाची पारख केल्यावर ते आता लोकांच्या खाजगी भानगडींची पारख करत. तात्या त्यांचे शेजारी, बँकेतून निवृत्त झालेले. गंगाधर जातील तिथे ते सोबतीला जात, आणि घाबरण्याचं काम दोघांच्या वतीनं तेच करत.

"पहिल्यापासून सांगा," गंगाधर म्हणाले.

लीला गिरगावातल्या एका शाळेत शिकवायची. क्रमानं, नीट बोलायची सवय असलेली मुलगी. पण तिची बोटं पदराच्या टोकाला सारखा पीळ घालत होती.

"गेल्या वर्षी जानेवारीत बाबा गेले. गोळीबार झाला त्याच दिवसांत. मी आणि आई प्रभादेवीला मामाकडे अडकलो होतो. बाबा घरामागच्या बोळाच्या तोंडाशी सापडले. अंगात कोट, पाय अनवाणी, डोक्याला जखम. दंगलीतला दगड लागला, असं सगळे म्हणाले. तेव्हा कोण कसली चौकशी करणार?"

"मग?"

"गणपतीत आईनं ठरवलं, वर्षश्राद्धाच्या आत विहिरीचा गाळ काढून घ्यायचा. दिवाळी झाल्यावर माणसं सांगितली. ती यायची त्या सकाळी आईनं देवघराचं दार उघडलं, तर उंबऱ्यावर आतडी. पांढुरकी, ओली, वेटोळं घातलेली. नुसती आतडी. जनावर नाही, रक्ताचा थेंब नाही. आई तिथंच कोसळली. गाळवाले आल्या पावली परत गेले."

"पुन्हा कधी?"

"संक्रांतीच्या आदल्या दिवशी. गाळवाल्यांचे दोर, घमेली अंगणात येऊन पडली होती. त्या दोरावरच तशीच आतडी. पण आई हट्टी. तिनं त्याच महिन्यात पुन्हा माणसं बोलावली. त्या वेळी आतडी नव्हती. विहिरीशेजारच्या हौदातले झाडून सगळे मासे पोट वर करून तरंगत होते, आणि पाण्यावर फेस. आमची स्वयंपाकीण कालिंदी, तिनं झोपेच्या तारेत त्या पाण्यानं तोंड धुतलं. तिची किंकाळी अजून माझ्या कानांत आहे. एका डोळ्यावर पडदा आलाय."

"मेलेल्या माशांचं काय केलंत?"

"बोक्यानं खाल्ले."

"आणि बोका?"

"आहे की. लठ्ठ झालाय." लीलाला प्रश्नाचा रोख कळला नाही. तात्यांनाही नाही.

"आता आमचे अप्पा, म्हणजे बाबांचे चुलते, म्हणतात विहीर कायमची मिटवा. आई म्हणते, तुझे बाबा विहिरीतून मला हाक मारतात. त्यांच्या डोक्यावर फरशी ठेवू देणार नाही, त्याआधी मीच खाली जाईन. दोनदा कठड्यावरून ओढून आणलंय तिला. अन्नाला तर शिवतच नाही."

गंगाधरांनी खुंटीवरची टोपी काढली.

*

ठाकूरद्वारच्या मागं धैर्यवानांचं जुनं दुमजली घर होतं. दिवस कलला होता. मागच्या अंगणात पोचताच तात्यांच्या पाठीतून शिरशिरी गेली. विहिरीच्या कठड्यावर टाचण्या टोचलेली लिंबं मांडली होती. भिंतीला एक काळी फरशी टेकून उभी होती, थडग्यावरच्या दगडासारखी.

गंगाधरांनी बादली सोडली. खालून पाण्याचा आवाज वर आला आणि तात्यांना वाटलं, कुणीतरी खरंच हुंकार दिला. त्यांनी मनातल्या मनात रामरक्षा सुरू केली.

"हे बघ, तात्या."

बादलीत बोटाच्या पेराएवढे मासे सळसळत होते. मलेरियावाले विहिरीत सोडतात ते गप्पी.

"बरं मग?"

"जिवंत आहेत," गंगाधर म्हणाले आणि बादली तशीच परत ओतली.

कालिंदी चुलीपाशी बसली होती. उजवा डोळा दुधासारखा झालेला. तिनं मान वर केली तेव्हा तात्यांनी नजर वळवली.

"आतडी तूच उचललीस?"

"तर काय! बाकी कुणाची छाती होती? मच्छी मी रोज साफ करते, साहेब. ही मच्छीची नव्हती. वास समुद्राचा. चिमट्यात धरली तर फुटली, आणि आत सगळी वाळू." तिचा आवाज खाली गेला. "वाळू कोण खातं, साहेब?"

जिन्याच्या भिंतीवर दोघा भावांचा फोटो होता. लीलाचे बाबा अच्युतराव खुर्चीत, मागं धाकटे भाऊ मनमोहन, हातात मुठीची रुबाबदार काठी.

"चांदीची मूठ आहे," कालिंदी म्हणाली. "होती म्हणायचं. मालक गेले त्याच दिवशी धाकट्या मालकांची काठी माटुंग्याला दंगलीत कुणी हिसकावली. दिवसच वाईट होता तो."

लीलाची आई यशोदाबाई देवघरात बसल्या होत्या. गालांची हाडं वर आलेली, डोळे मात्र लख्ख. नवऱ्याच्या तसबिरीखाली काळे पंपशू पॉलिश करून ठेवले होते. तात्यांनी नकळत हात जोडले.

"एकच जोड होता हो त्यांना," त्या म्हणाल्या. "तोही घरातच राहिला. अनवाणी गेले. पाय किती पोळले असतील." मग एकदम कान टवकारून म्हणाल्या, "आली ना हाक? आता आली."

आणि तात्यांची शपथ, त्या क्षणी त्यांनाही ती आल्यासारखी वाटली.

अप्पा माडीवर पंचांग मांडीवर घेऊन बसले होते. ऐकायला कमी, म्हणून बोलायला मोठ्यानं. "तिन्ही वेळा अमावास्या! तिन्ही वेळा! करणी नाही तर काय?"

"विहीर मिटवायची हे कुणाच्या मनात आलं?"

"रामेश्वरच्या पुजाऱ्याच्या. या घराच्या पाण्यात दोष आहे असं त्यानं आधीच सांगितलं होतं."

"तुम्ही कधी गेला होता रामेश्वरला?"

"मी? या गुडघ्यांनी? अहो, मला जिना उतरवत नाही!"

मनमोहनांची मुलगी बेबी गच्चीच्या दारात भेटली. विशी नुकतीच ओलांडलेली, गप्प, कुणाच्या नजरेला नजर न देणारी. काका गेले त्या दिवशी ती कुठं होती, असं विचारल्यावर तिनं आधी "दादरला, मैत्रिणीकडे" असं सांगितलं. गंगाधर नुसते थांबले.

"लालबागला होते," ती शेवटी म्हणाली. "गणपतच्या घरी. गिरणीत कारकून आहे तो. आमच्या जातीचा नाही. बाबांनी जीव घेतला असता. काका म्हणाले, कन्यादान मी करतो, तू सकाळी पुढं हो, मी दुपारी येतो. मग गोळीबार सुरू झाला. मी वाट बघत राहिले. माझ्यामुळं ते बाहेर पडले. ती आतडी मोठ्या आईसाठी नाहीत. ती माझ्यासाठी येतात. मला माहीत आहे."

"हे घरात कुणाला ठाऊक आहे?"

"कुणालाच नाही."

मनमोहनांनी मात्र हसून स्वागत केलं. दोन खुर्च्या पुढं केल्या. "माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही, रणदिवे. पण वहिनींच्या जिवापुढं विहीर काय मोठी?"

"आपण काय करता?"

"सुकी मासळी परदेशी पाठवणाऱ्या पेढीत आहे. सिंगापूर, हाँगकाँग. चिनी लोक काय वाट्टेल ते खातात."

"अच्युतराव गेले त्या दिवशी?"

"मी घरीच. उंबरा ओलांडला नाही. दादा मात्र ऐकेना. कोट चढवला, पंपशू घातले आणि माझ्यासमोर पुढच्या दारानं निघून गेला. तेच शेवटचं दर्शन."

खिडकीपाशी काचेची मोठी टाकी होती. पाणी नितळ, तळाशी जाड थर वाळूचा. मासा एकही नाही. वाळूच्या पृष्ठभागावर वाळूच्याच बारीक शेवया पडल्या होत्या, कुणीतरी नुकत्याच पाडाव्यात तशा.

"पूर्वी मासे पाळायचो. आता यात रामेश्वरची वाळू आहे," मनमोहन म्हणाले. "आश्विनात गेलो होतो. समुद्राच्याच पाण्यात ठेवायची असा नवस आहे. रोज चौपाटीवरून बरणी भरून आणतो."

रामेश्वरची वाळू म्हटल्यावर तात्यांनी भक्तिभावानं हात पुढं केला.

"हात नको!" मनमोहन जवळजवळ ओरडले. तात्या दचकून मागं सरले. मनमोहन लगेच हसले. "सोवळ्यातली आहे, म्हणून म्हटलं."

बाहेर पडताना गंगाधरांनी लीलाला बाजूला घेतलं. "आज बेबीला आणि तुम्हाला दोघींना आईंच्या दोन बाजूंना झोपायचंय. सकाळपर्यंत हात सोडायचा नाही."

रस्त्यावर आल्यावर तात्यांनी हळूच विचारलं, "तुला कळलं कोण ते?"

"कोण ते कळलं. त्या बाईला सकाळपर्यंत जपता येईल ना, एवढीच मला भीती आहे."

गंगाधरांच्या तोंडी तो शब्द तात्यांनी पहिल्यांदाच ऐकला, आणि रात्रभर त्यांचा डोळा लागला नाही.

*

सकाळी अंगणात सगळे जमले होते. फरशी बसवणारे गवंडी होते, आणि गंगाधरांनी बोलावलेले दोघे गाळवालेही. दाराशी साध्या कपड्यांत चौकीवरचे फौजदार उभे होते. त्यांची ओळख कुणी करून दिली नाही. यशोदाबाई लीला आणि बेबीच्या मधे पायरीवर बसल्या होत्या. कालिंदी परात घेऊन आली.

गंगाधरांनी माडीवरची काचेची टाकी खाली आणवली होती.

"ही वाळू पवित्र आहे!" मनमोहन पुढं झाले.

"रामेश्वरची वाळू मी पुष्कळ लोकांना आणताना पाहिलंय," गंगाधर म्हणाले. "पुरचुंडीत बांधून, कोरडी, काशीला गंगेत सोडायला. ती पाण्यात घालून रोज पाणी बदलणारा माणूस मला काल पहिल्यांदा भेटला. पाणी वाळूला लागत नाही, मनमोहनराव. जिवाला लागतं."

त्यांनी हातरुमाल बोटांना गुंडाळून हात वाळूत खुपसला आणि काहीतरी वर काढलं. वीतभर लांब, राखी रंगाचं, सुरकुतलेलं, जाड काकडीसारखं. डोळे नाहीत, पाय नाहीत. त्यांनी ते परातीत ठेवलं आणि वर विहिरीचं गोडं पाणी ओतलं.

क्षणभर काही झालं नाही. मग ते अंग लाकडासारखं ताठ झालं, आकसलं, आणि त्याच्या एका टोकातून पांढुरकी, ओली वेटोळी बाहेर पडू लागली. एकामागून एक. रक्ताचा थेंब नव्हता.

अप्पांच्या हातातून पंचांग पडलं. तात्यांनी खांब धरला. यशोदाबाई मात्र पापणी न लववता बघत होत्या.

"वहिनीबाई, घाबरू नका. ही करणी नाही, हा एक प्राणी आहे," गंगाधर मऊ आवाजात म्हणाले. "समुद्रकाकडी म्हणतात. रामेश्वराकडच्या उथळ समुद्रात वाळूत पुरून घेऊन राहते. वाळू गिळते, तिच्यातला खाण्याजोगा अंश घेते आणि धुतलेली वाळू शेवयांसारखी मागं टाकते. त्या शेवया काल टाकीत ताज्या होत्या. आणि जिवावर बेतलं की स्वतःची आतडी ओकून शत्रूपुढं टाकते. मरत नाही. महिना-दीड महिन्यात तिला पोटात नवी आतडी फुटतात."

"हे तुला कसं माहीत?" तात्यांच्या तोंडून निघालं.

"कस्टममध्ये हिची पोती उघडली आहेत मी. तिकडचे कोळी हिला उकळतात, वाळवतात, धुरी देतात. जळक्या केळ्यासारखी दिसते. चिनी लोक भिजवून मेजवानीला शिजवतात. सुकी मासळी पूर्वेला धाडणाऱ्या पेढीत ही ठाऊक नसणारा माणूस मिळायचा नाही."

गंगाधरांनी बोटांचा रुमाल सोडून दूर टाकला.

"हिच्या कातडीत विष असतं. कित्येक बेटांवरचे लोक ते डबक्यात पिळतात, मासे गुंगून वर येतात आणि ते खुशाल खातात. माशाला ते कल्ल्यांतून मारतं. पोटातून गेलं तर सहसा बाधत नाही. म्हणून बोका जगला. पण डोळ्यात गेलं तर काय होतं, ते कालिंदी सांगेल. पाण्यावर फेस होता तो त्याचाच. आणि विहिरीतले गप्पी काल जिवंत होते. म्हणजे दोष विहिरीत नव्हताच. हौदात कुणीतरी मुद्दाम कालवला होता."

"पण तिसऱ्या वेळी आतडी का नाहीत?" लीलानं विचारलं.

"कारण तुमच्या आई हट्टी! संक्रांतीला आणलेल्या दोन्ही रिकाम्या झाल्या होत्या. नवी आतडी यायच्या आत पुन्हा गाळवाले ठरले. तेव्हा त्यांतली एक ठेचून हौदात टाकावी लागली."

"अमावास्या होती!" अप्पा ओरडले.

"पंचांग उचला आणि बघा, अप्पा. संक्रांतीला शुक्ल पक्ष होता. अंगणात चांदणं पडलं असेल. हे प्रकार अमावास्येला होत नव्हते, गाळ काढायचा दिवस आला की होत होते. हे घर तीनदा भ्यायलं आणि तिन्ही वेळा एकच गोष्ट केली: गाळवाल्यांना परत धाडलं. मी एवढंच विचारलं, विहिरीचा तळ कुणाला दिसू द्यायचा नाही? दोष पाण्यात आहे, हे रामेश्वरच्या पुजाऱ्याचं म्हणणं अप्पांपर्यंत आणलं कुणी? या घरातून रामेश्वरला एकच माणूस गेला होता."

सगळ्यांच्या माना वळल्या.

"हा सगळा पोरखेळ आहे," मनमोहन म्हणाले. आवाज कोरडा होता. "मान्य, मी भिववलं. वहिनींनी हे घर सोडावं म्हणून. त्यात गुन्हा काय?"

"काल तुम्ही म्हणालात, अच्युतराव तुमच्यासमोर पंपशू घालून निघाले. त्यांचा एकुलता एक जोड देवघरात आहे. कोट घातलेला, पण जोडे न घातलेला माणूस घराबाहेर पडलेला नसतो, मनमोहनराव. तो निघायच्या बेतात असतो. तुम्ही म्हणालात, दिवसभर उंबरा ओलांडला नाही. मग त्याच दिवशी तुमची काठी माटुंग्याला कुणी कशी हिसकावली?" गंगाधर गाळवाल्यांकडे वळले. "उतरा रे."

दोर सुटला. गडी खाली जाऊ लागला. तात्यांच्या लक्षात आलं की परातीतल्या त्या भयंकर प्राण्याकडे आता कुणीच बघत नव्हतं. मनमोहन विहिरीकडे बघत होते, आणि बाकीचे त्यांच्याकडे.

खालून चिखल ढवळल्याचा आवाज आला. घमेलं वर आलं, रिकामं झालं, पुन्हा गेलं.

"पुरे," मनमोहन एकदम म्हणाले आणि कठड्याला टेकून खाली बसले. "पुरे. आहे तिथंच. मूठ तुटली आहे तिची."

यशोदाबाईंनी मान वळवून दिराकडे पाहिलं.

"मारायचं नव्हतं, वहिनी. मागच्या जिन्यात उभा होता, कोट घालून. म्हणाला, बेबीचं कन्यादान करायला चाललोय, येतोस का? हसत म्हणाला. माझ्या मुलीचं, लालबागच्या खोलीत! मी काठी उगारली. एकदाच. बाहेर गोळीबार चालला होता. तिन्हीसांजेला बोळात चिटपाखरू नव्हतं. तिथं नेऊन टाकलं त्याला, आणि काठी विहिरीत." त्यांनी मुलीकडे हात केला. "बेबी, तुझ्याच भल्यासाठी..."

बेबी उठून उभी राहिली. तिचा चेहरा पांढरा पडला होता. "काका बाहेर पडलेच नव्हते?" ती एवढंच म्हणाली. "ते माझ्यामुळं रस्त्यात मेले म्हणून वर्षभर मी... आणि तुम्ही रोज माझ्यासमोर बसून जेवत होता?"

फौजदारांनी मनमोहनांच्या दंडाला धरलं. ते जाताना एकदाही वळले नाहीत. विहिरीतून गड्यानं हाळी दिली आणि घमेल्यात चिखलानं माखलेली, मुठीपाशी मोडलेली काठी वर आली.

तात्यांना वाटलं, आता ही बाई कोसळणार. ते धरायला पुढंही झाले. पण यशोदाबाई स्वतःच्या पायांवर उठल्या, भिंतीला हात लावत बेबीपाशी गेल्या आणि तिचं डोकं त्यांनी छातीशी ओढून घेतलं. पोरीला तेव्हा कुठं रडू फुटलं.

"तो लालबागचा मुलगा अजून थांबलाय?" त्यांनी विचारलं.

बेबीनं होकारार्थी मान हलवली.

"त्याला निरोप धाड. म्हणावं, धैर्यवानांकडून कन्यादान व्हायचं राहिलंय. ते मी करीन."

"यशोदे!" अप्पा हादरून म्हणाले. "विधवेनं कन्यादान? लोक काय म्हणतील?"

"ज्यांना चालणार नाही त्यांनी जेवायला येऊ नये," यशोदाबाई म्हणाल्या. मग त्यांनी गवंड्यांकडे पाहिलं, भिंतीला टेकलेल्या फरशीकडे पाहिलं आणि ती घेऊन जायची हातानंच खूण केली.

"कालिंदी," त्या म्हणाल्या, "थोडा भात टाक. भूक लागलीये मला."